विश्लेषण : पाचगणीचा बुलसारा, ‘क्वीन’चा मर्क्युरी… एका आयुष्यात इंग्रजी गाणे किती बदलले?

फ्रेडी मर्क्युरी हे नाव माहीत नसलेल्यांनीही त्याचा आवाज किंवा त्याच्या बँडचा ठेका कुठे ना कुठे ऐकलेला असतो. क्रिकेटच्या मैदानात दोन षटकांच्या मध्ये वाजणारे दोन ठोके आणि एक टाळी ‘क्वीन’ या बँडची. करंडक उंचावला की लागणारे विजेत्यांचे गाणे स्वतः फ्रेडीने लिहिलेले. हा गायक सातारा जिल्ह्यातल्या पाचगणीत वाढला आणि तिथेच पहिल्यांदा बँडमध्ये वाजवू लागला. १९४६ ते १९९१ एवढेच त्याचे आयुष्य. या ४५ वर्षांत इंग्रजी लोकप्रिय संगीत लाखेच्या तबकडीपासून सीडीपर्यंत पोहोचले आणि जवळजवळ प्रत्येक वळणावर तो हजर होता. गाणे ज्या यंत्रातून ऐकणाऱ्याकडे जाते, ते यंत्र गाण्याचा आकार कसा ठरवते, हे त्याच्या आयुष्याकडे पाहिले की सहज कळते.

झांझिबारचा मुलगा पाचगणीत कसा आला?

फारुख बुलसारा हे त्याचे मूळ नाव. जन्म ५ सप्टेंबर १९४६, झांझिबार. आफ्रिकेच्या पूर्व किनाऱ्याजवळचे हे बेट तेव्हा ब्रिटिशांच्या संरक्षणाखाली होते. वडील बोमी तिथे सरकारी नोकरीत रोखपाल होते, आई जेर. कुटुंब पारशी, आणि आडनाव गुजरातमधल्या बुलसारवरून, म्हणजे आजच्या वलसाडवरून आलेले. झांझिबारमध्ये चांगल्या इंग्रजी शाळेची सोय नाही म्हणून १९५५ मध्ये, वयाच्या आठव्या वर्षी, त्याला बोटीने मुंबईला आणि तिथून पाचगणीच्या सेंट पीटर्स शाळेत धाडण्यात आले. आईवडील समुद्रापलीकडे, बहुतेक सुट्ट्या मुंबईत आजी आणि मावशीकडे जायच्या.

वाई मागे टाकून पसरणीचा घाट चढला की येणारे पाचगणी तेव्हाही वसतिगृहांच्या शाळांचे गाव होते. पहाटेची घंटा, प्रार्थना, खेळ, अभ्यासाचे ठरलेले तास. फारुखचा ‘फ्रेडी’ इथेच झाला. जबड्यात चार दात जास्तीचे असल्याने पुढचे दात बाहेर आलेले. मुले त्यावरून चिडवायची आणि हसताना तोंडावर हात धरायची त्याची सवय जन्मभर सुटली नाही. पुढे पैसा हाताशी आल्यावरही त्याने दात काढून घेतले नाहीत. आवाज बिघडेल, अशी त्याला भीती होती. मुष्टियुद्ध आणि टेबल टेनिसमध्ये तो चांगला होता. शाळेत पियानोचे रीतसर धडे मिळाले आणि त्याने चौथ्या श्रेणीपर्यंतच्या परीक्षा दिल्या. रेडिओवर एकदा ऐकलेले गाणे तो जाऊन पियानोवर वाजवायचा, अशी त्याच्या सोबत्यांची आठवण आहे.

१९५८ च्या सुमारास पाच मुलांनी ‘द हेक्टिक्स’ नावाचा बँड काढला. फ्रेडी त्यात मुख्य गायक नव्हता. तो मागे बसून पियानो बडवायचा. या पाचांपैकी एकजण पुढे नेपाळच्या लष्करात जनरल झाला, एकजण ब्रिटिश दूरचित्रवाणीवर अभिनेता.

पण डोंगरावरच्या शाळेत ही गाणी पोहोचली कशी?

उत्तर आहे रेडिओ सिलोन. १९५२ मध्ये बाळकृष्ण विश्वनाथ केसकर हे पुण्याचे गृहस्थ केंद्रात माहिती व नभोवाणी मंत्री झाले आणि आकाशवाणीवरून चित्रपटगीते जवळपास हद्दपार झाली. शास्त्रीय संगीत ऐकवून श्रोत्यांची अभिरुची सुधारायची, हा त्यांचा आग्रह. श्रोत्यांनी सुई सरळ कोलंबोकडे फिरवली. रेडिओ सिलोनच्या लघुलहरी पाचगणीच्या पठारावर येत, तशाच तेव्हा हैदराबाद संस्थानातून नुकत्याच बाहेर पडलेल्या मराठवाड्यात, जालन्यातही येत. अमीन सयानींची ‘बिनाका गीतमाला’ सर्वांना आठवते. तिच्या आधी त्याच कंपनीचा इंग्रजी गाण्यांचा ‘बिनाका हिट परेड’ लागत असे आणि हिंदी कार्यक्रम त्याच धर्तीवर निघाला, हे मात्र फारसे कुणाच्या लक्षात नसते. एकाच केंद्रावरून एक भारत हिंदी गाणी ऐकत होता आणि वसतिगृहातला दुसरा, लहानसा भारत एल्व्हिस प्रेस्ली.

फ्रेडी पाचगणीत आला तेच वर्ष, १९५५, रॉक अँड रोलच्या स्फोटाचे. त्याआधीचे इंग्रजी लोकप्रिय गाणे म्हणजे कोटटाय घातलेला गायक, मागे मोठा वाद्यवृंद आणि नाचायला सोयीची संथ चाल. आता अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांच्या ‘ऱ्हिदम अँड ब्लूज’चा ठेका गोऱ्या मुलांनीही उचलला. लिटल रिचर्ड, फॅट्स डॉमिनो, एल्व्हिस, आणि इंग्लंडमध्ये क्लिफ रिचर्ड. या क्लिफचा जन्म लखनौचा, हा आणखी एक योगायोग. हेक्टिक्सची मुले हीच गाणी वाजवत. लिटल रिचर्ड आणि डॉमिनो दोघेही पियानो वाजवत गाणारे. पियानो शिकणाऱ्या मुलाला हे दोन नमुने आयते मिळाले.

गाणी तीन मिनिटांचीच का असत?

मुख्य कारण तबकडी. ७८ फेऱ्यांच्या दहा इंची तबकडीच्या एका बाजूवर साधारण तीन-सव्वातीन मिनिटेच मावत. आपल्याकडे बालगंधर्वांची जी पदे रंगभूमीवर वन्समोअर घेत रात्र जागवत, तीही ध्वनिमुद्रणात एवढ्याच वेळात आटोपावी लागत. ख्याल गाणाऱ्या उस्तादांचीही तीच गत. पुढे १९४९ मध्ये ४५ फेऱ्यांची छोटी तबकडी आली तरी सवय तीन मिनिटांचीच राहिली, कारण रेडिओकेंद्रांना तेवढीच गाणी हवी होती. तासाला जास्त गाणी, मध्ये जास्त जाहिराती. म्हणून गाणे असे बांधायचे, की अर्ध्या मिनिटात धृपद कानात बसावे. फ्रेडीचे कान या साच्यावर तयार झाले आणि त्याने पुढे मोडला तोही हाच साचा.

लंडनने काय दिले?

१९६३ मध्ये तो झांझिबारला परतला. दहावीच्या परीक्षेत यश आले नव्हते. जानेवारी १९६४ मध्ये बेटावर रक्तरंजित क्रांती झाली. अरब आणि भारतीय वंशाचे हजारो लोक मारले गेले किंवा पळाले. बुलसारा कुटुंब मोजके सामान घेऊन इंग्लंडला पोहोचले आणि हिथ्रो विमानतळाजवळच्या फेल्थममध्ये राहू लागले. फ्रेडीने ईलिंगच्या कला महाविद्यालयातून १९६९ मध्ये ग्राफिक डिझाइनची पदविका घेतली. मधल्या काळात विमानतळावर सामान उचलले, केन्सिंग्टनच्या बाजारात जुन्या कपड्यांचा गाळा चालवला.

तोवर इंग्रजी गाणे पुन्हा बदलले होते. बीटल्सने १९६७ मध्ये ‘सार्जंट पेपर’ आणून एलपी म्हणजे सुट्या गाण्यांची पिशवी नसते, ती आख्खी एक रचना असू शकते, हे दाखवले. जिमी हेंड्रिक्सने गिटारचा आवाज फाडून, ताणून, उलटा करून वाजवला. फ्रेडी त्याचा निस्सीम भक्त. त्याची चित्रे काढून खोलीत लावायचा. १९७० मध्ये ब्रायन मे हा भौतिकशास्त्राचा विद्यार्थी आणि ड्रमवाला रॉजर टेलर यांच्यासह त्याने बँड उभा केला. ‘क्वीन’ हे नाव त्याचे, बोधचिन्हही त्यानेच रेखाटले. त्याच सुमारास बुलसाराचा ‘मर्क्युरी’ झाला. १९७१ मध्ये बेस वाजवणारा जॉन डीकन आला आणि चौकडी पूर्ण झाली. फ्रेडी जाईपर्यंत ती बदलली नाही. रॉकच्या जगात हे दुर्मीळ.

आडनाव बदलल्याबद्दल त्याला दोष देणे सोपे आहे. तो आपल्या भारतीय बालपणाविषयी फारसे बोलत नसे, हेही खरे. पण तो काळ पाहायला हवा. १९६८ मध्ये इनॉक पॉवेल या खासदाराने स्थलांतरितांविरुद्ध पेटते भाषण केले होते आणि केनियातून येणाऱ्या आशियाईंना रोखणारा कायदा त्याच वर्षी संसदेत झाला. ज्या देशात आशियाई चेहरा दिसताच रस्त्यात शिवी ऐकावी लागे, तिथे रॉकच्या मंचावर बुलसारा म्हणून उभे राहणे म्हणजे गाण्याआधी दुसरीच लढाई लढणे होते. त्याने ती टाळली. कुटुंबाशी, विशेषतः आईशी, नाते मात्र शेवटपर्यंत घट्ट राहिले.

सहा मिनिटांच्या गाण्याने नेमके काय मोडले?

१९७५ चे ‘बोहेमियन ऱ्हॅप्सडी’ हे फ्रेडीचे गाणे पाच मिनिटे ५५ सेकंदांचे. आधी वाद्यांविना समूहस्वर, मग पियानोवरचे विलापगीत, मग गिटार, मग एकदम इटालियन ऑपेराची नक्कल, मग दणदणीत रॉक आणि शेवटी पुन्हा शांतता. धृपद नाहीच. रेडिओच्या हिशेबाने यात सगळेच चुकलेले होते.

ते शक्य झाले ते चोवीस पट्ट्यांच्या ध्वनिमुद्रण यंत्रामुळे. पूर्वी सगळे वादक-गायक एका वेळी माइकसमोर उभे राहत. आता एकेक आवाज वेगळ्या पट्टीवर घेऊन एकावर एक चढवता येई. ऑपेराच्या भागात वाटतो तो प्रचंड गायकवृंद प्रत्यक्षात तिघांचा आहे: फ्रेडी, मे आणि टेलर. दिवसाचे दहा-बारा तास ते तेच तेच स्वर पुन्हा गात होते. फीत यंत्रातून इतक्यांदा फिरली की तिच्यावरचा थर झिजून आरपार उजेड दिसू लागला. सारी रचना फ्रेडीच्या डोक्यात आणि काही कागदांवर होती. इतर तिघांना शेवटपर्यंत पूर्ण चित्र दिसत नव्हते.

कंपनीला हे गाणे कापून हवे होते. बँडने नकार दिला. केनी एव्हरेट या लंडनच्या रेडिओ निवेदकाने हाती आलेली प्रत एका शनिवार-रविवारी १४ वेळा वाजवली आणि सोमवारी लोक दुकानांत विचारू लागले. ब्रिटनमध्ये ते नऊ आठवडे पहिल्या क्रमांकावर होते.

दुसरी गोष्ट जवळजवळ नाइलाजाने घडली. दूरचित्रवाणीवरच्या गाण्यांच्या कार्यक्रमात हे गाणे प्रत्यक्ष सादर करणे अशक्य, म्हणून चार-पाच हजार पौंडांत, काही तासांत एक चित्रफीत तयार केली गेली. अंधारात चार चेहरे, वरून उजेड. तिचा परिणाम पाहून कंपन्यांना कळले की गाणे विकायला गायकाने स्टुडिओत येण्याची गरज नाही. एमटीव्ही ही वाहिनी सुरू झाली १ ऑगस्ट १९८१ रोजी, म्हणजे सहा वर्षांनी.

पंक आणि डिस्कोच्या लाटेत हा बँड वाहून कसा गेला नाही?

१९७६-७७ मध्ये लंडनमध्ये पंक आले. तीन सूर, फाटके कपडे, व्यवस्थेला शिव्या. क्वीनसारखे भरजरी, घोटीव संगीत त्या पोरांच्या लेखी म्हाताऱ्यांचे. क्वीनचे उत्तर अगदी उघडेवाघडे होते. १९७७ मध्ये ब्रायन मेने फक्त पाय आपटणे आणि टाळी यांवर उभे असलेले ‘वी विल रॉक यू’ लिहिले, फ्रेडीने ‘वी आर द चॅम्पियन्स’. दोन्ही गाणी श्रोत्यांनी गावीत म्हणूनच रचलेली. स्टेडियम हेच वाद्य झाले.

ऑगस्ट १९७७ मध्ये एल्व्हिस गेला. दोन वर्षांनी म्युनिकच्या हॉटेलात आंघोळ करताना फ्रेडीला एक चाल सुचली आणि दहाएक मिनिटांत ‘क्रेझी लिटल थिंग कॉल्ड लव्ह’ तयार झाले. ते थेट पन्नासच्या दशकातले रॉक अँड रोल आहे. पाचगणीतले हेक्टिक्स ते सहज वाजवू शकले असते. अमेरिकेत पहिल्या क्रमांकावर गेलेले हे क्वीनचे पहिले गाणे. त्याच वर्षी, १९८० मध्ये, डीकनचे ‘अनदर वन बाइट्स द डस्ट’ कृष्णवर्णीयांच्या नाचघरांतल्या बेसच्या चालीवर तिथे पुन्हा पहिले आले. सत्तरच्या दशकात यांच्या अल्बमवर सिंथेसायझर वापरलेला नाही, असे अभिमानाने छापलेले असे. १९८० च्या ‘द गेम’मध्ये तोही आला. १९८२ चा ‘हॉट स्पेस’ तर पुरता डिस्कोकडे झुकला आणि जुने चाहते रुसले. त्यांचे रुसणे अगदीच चुकीचे नव्हते. त्यातली बरीच गाणी आज फिकी वाटतात.

१९८४ च्या ‘आय वाँट टू ब्रेक फ्री’च्या चित्रफितीत चौघेही बायकांच्या वेशात, फ्रेडी मिशीसकट घर झाडतो आहे. ब्रिटिश प्रेक्षक हसले, कारण ती तिथल्या एका लोकप्रिय मालिकेची थट्टा होती. अमेरिकेत मात्र ती पचली नाही आणि क्वीनचे तिथले बस्तान उठले. ज्या महाराष्ट्राने बालगंधर्वांच्या शालूची आणि नथीची नक्कल घरोघरी केली, त्याला हा गहजब थोडा गमतीचा वाटेल. पण एक खरे, की चेहरा गाण्याच्या पुढे गेला, की चेहराच गाणे बुडवूही शकतो.

त्याच वर्षी या बँडने वर्णद्वेषी राजवटीतल्या दक्षिण आफ्रिकेत, सन सिटी येथे कार्यक्रम केले. जगभरच्या कलावंतांचा तिथे बहिष्कार होता. संयुक्त राष्ट्रांच्या काळ्या यादीत क्वीनचे नाव गेले, ब्रिटनच्या संगीतकार संघटनेने दंड केला. वंशभेदाची झळ स्वतःच्या घराने सोसलेल्या माणसाने तिथे जाणे, हा त्याच्या कारकिर्दीतला न पुसला जाणारा डाग आहे.

मग लाइव्ह एडची एवढी चर्चा का?

१३ जुलै १९८५. इथिओपियातल्या दुष्काळग्रस्तांसाठी लंडन आणि फिलाडेल्फियात एकाच दिवशी कार्यक्रम, उपग्रहांवरून जगभर थेट. वेम्ब्लीच्या मैदानात सुमारे ७२ हजार लोक. प्रत्येकाला वीसेक मिनिटे. क्वीनने गाणी छाटून, जोडून घड्याळ लावून तालीम केली होती. फ्रेडीने मधेच नुसते आलाप घ्यायला सुरुवात केली आणि मैदान त्याच्यामागून ते उचलू लागले. कीर्तनात बुवांनी गजर द्यावा आणि मंडपाने तो परत करावा, तसा हा प्रकार. इंग्रजी येत नसलेल्यालाही त्यात भाग घेता येत होता, आणि उपग्रहावरून गाणाऱ्याला नेमके हेच लागते. त्या दिवसानंतर क्वीनची विक्री पुन्हा वर चढली. ९ ऑगस्ट १९८६ रोजी नेबवर्थला झालेला कार्यक्रम मात्र फ्रेडीचा क्वीनबरोबरचा अखेरचा ठरला.

आजार त्याने का लपवला?

१९८७ मध्ये त्याला एड्सचे निदान झाले. तेव्हा उपचार जवळपास नव्हते, तिरस्कार भरपूर होता. समलैंगिकतेला प्रोत्साहन देण्यास स्थानिक संस्थांना बंदी करणारे कलम ब्रिटनच्या संसदेने १९८८ मध्ये केले. फोटोवाले त्याच्या दाराशी तळ ठोकून असत. त्याने गप्प राहून काम केले. मोन्सेरात काबाये या स्पॅनिश ऑपेरागायिकेबरोबर ‘बार्सिलोना’ केले. स्वित्झर्लंडमधल्या मोंत्रोला उभे राहणे कठीण झाल्यावरही गात राहिला. २३ नोव्हेंबर १९९१ रोजी त्याने आजार जाहीर केला आणि दुसऱ्या दिवशी संध्याकाळी तो गेला. वय ४५. पारशी धर्मगुरूंनी लंडनमध्ये अंत्यविधी केले, नंतर दहन झाले. अस्थी कुठे आहेत हे आजही गुपित आहे.

त्याने आधी बोलायला हवे होते, असे तेव्हाही काहींनी म्हटले. इतक्या मोठ्या कलावंताच्या चार वाक्यांनी कित्येक रुग्णांना धीर आला असता, हे नाकारता येत नाही. मात्र ज्यांनी त्या चार वाक्यांची बातमी केली असती, तेच रोज त्याच्या भिंतीवर चढत होते. त्याच्या पश्चात एप्रिल १९९२ मध्ये वेम्ब्लीत मोठी श्रद्धांजली मैफल झाली आणि त्यातून एड्सविरोधी कामासाठी मर्क्युरी फिनिक्स ट्रस्ट उभा राहिला. झांझिबारमध्ये मात्र २००६ मध्ये त्याच्या साठाव्या वाढदिवसाचा बेत विरोधामुळे रद्द करावा लागला.

भारतात तो गायला का नाही?

क्वीन घेऊन तो कधीच इथे आला नाही. सत्तर-ऐंशीच्या दशकांत बहुतेक मोठे रॉक दौरे भारताला वगळूनच जात. उपग्रह वाहिन्या आणि त्यांच्याबरोबर एमटीव्ही भारतात आली ती तो गेला त्याच १९९१ मध्ये. मुंबईने मायकल जॅक्सन पाहिला १९९६ मध्ये.

आणि आता?

२०२३ मध्ये लंडनच्या सदबीजमध्ये त्याच्या वस्तूंचा लिलाव झाला. ‘बोहेमियन ऱ्हॅप्सडी’चा हस्तलिखित मसुदा सुमारे १३ लाख ८० हजार पौंडांना गेला. त्यावरून कळले की गाण्याचे आधीचे नाव ‘मंगोलियन ऱ्हॅप्सडी’ होते. त्याने ते खोडले होते.

गाण्याचा आकार दरम्यान पुन्हा यंत्राने ठरवला आहे. स्पॉटिफायवर गाणे ३० सेकंद वाजले तरच ते मोजले जाते, म्हणून नव्या गाण्यांच्या सुरुवातीची वाद्ये आखडली, धृपद लवकर येऊ लागले आणि लांबी पुन्हा त्या जुन्या तबकडीइतकी, कधी तिच्याहूनही कमी झाली. अशा काळात, २०१८ मध्ये फ्रेडीवरचा चित्रपट आला, त्यातल्या भूमिकेसाठी रामी मालेकला ऑस्कर मिळाले, आणि त्याच डिसेंबरात युनिव्हर्सल कंपनीने विसाव्या शतकातले सर्वाधिक स्ट्रीम झालेले गाणे जाहीर केले. १६० कोटी वेळा ऐकले गेलेले हे गाणे तेच, सहा मिनिटांचे, धृपद नसलेले. रील्सवर मात्र त्यातले पंधरा-वीस सेकंदच वाजतात.